आधी कामाची वाटणी, मग भागीदारी

वाळूज, चिकलठाणा, शेंद्रा येथे वाहनांचे सुटे भाग बनवणाऱ्या आपल्या वाचकांना विमान इंजिनांच्या कामात उतरायचे असेल, तर आधी सीएफएम इंटरनॅशनलचा करार समजून घ्यायला हवा.

अमेरिकेची जनरल इलेक्ट्रिक आणि फ्रान्सची स्नेक्मा (आजची साफ्रान) यांनी १९७४ साली निम्म्या-निम्म्या वाट्याने ही कंपनी उभारली. इंजिनाचा गाभा लष्करी इंजिनातून घेतलेला असल्याने अमेरिकी सरकार सुरुवातीला त्याच्या निर्यातीला परवानगी देईना. १९७३ मध्ये अमेरिकेचे अध्यक्ष निक्सन आणि फ्रान्सचे अध्यक्ष पाँपिदू यांची रेक्याविकला भेट झाली आणि वाट मोकळी झाली. गाभा जीईने बनवायचा, पुढचा पंखा आणि कमी दाबाचे टर्बाइन स्नेक्माने. भागीदार वाटून घेतात ती विक्रीची रक्कम. खर्च ज्याचा त्याने सोसायचा. त्यामुळे एकाला दुसऱ्याच्या हिशेबात डोकावावे लागत नाही आणि काटकसरीचा फायदा ती करणाऱ्यालाच मिळतो. तरीही पहिली ऑर्डर यायला १९७९ उजाडले. मधली पाच वर्षे दोघांनीही धीर सोडला नाही.

याच कंपनीच्या लीप इंजिनाचे भाग आज जीईच्या चाकण येथील कारखान्यात आणि विक्रोळीत गोदरेजकडे बनतात. म्हणजे हे काम महाराष्ट्रात आलेले आहे. आपले घोडे अडते ते मशीनपाशी नव्हे. सीएनसी आपल्याकडे आहेत, त्यावर हात बसलेली, खुलताबाद-कन्नडकडून वाळूजला येणारी पोरेही आहेत. अडते ते एएस ९१०० हे विमान उद्योगाचे गुणवत्ता प्रमाणपत्र, हीट ट्रीटमेंट व अविध्वंसक तपासणीसाठी (एनडीटी) लागणारी नॅडकॅप मान्यता आणि प्रत्येक जॉबचा कच्च्या मालापर्यंत मागे नेता येणारा कागद यांपाशी. हा खर्च एकट्या वर्कशॉपला पेलत नाही.

म्हणून पाच-सहा वर्कशॉपनी एकत्र यावे. यंत्रण कोणाचे, हीट ट्रीटमेंट कोणाची, तपासणी कोणाची, हे लेखी ठरवावे. बिलाच्या रकमेतला वाटा आधीच नक्की करावा आणि रिजेक्शन ज्याच्या टप्प्यावर झाले त्यानेच भरून द्यावे. सामाईक सुविधा चालवण्याचा धडा मराठवाडा ऑटो क्लस्टरने वाळूजमध्ये घालून दिलाच आहे. ‘सीएमआयए’ आणि ‘मसिआ’ या संघटनांनी अशा कराराचा नमुना मसुदा तयार करून सभासदांपुढे ठेवावा. भावाभावांच्या भागीदाऱ्याही हिशेबावरून मोडलेल्या आपण पाहिल्या आहेत. शेजारच्या दोन शेडमधली भागीदारी टिकवायची, तर पहिला जॉब मशीनवर चढण्याआधी करारावर सह्या झाल्या पाहिजेत.