मीटर घरचं, भुर्दंड दुकानाचा

पुढच्या खोलीत शिलाई मशीन, स्वयंपाकघरात मसाल्याचा मोठा मिक्सर आणि दाराबाहेर एक छोटीशी पाटी. लहान गावांत कितीतरी बायकांच्या संसाराला असाच हातभार लागतो. वीज अर्थातच घरच्याच मीटरवरची. मग एक दिवस तपासणी पथक येतं, कागदावर काहीबाही लिहून सही घेतं आणि मागाहून हजारो रुपयांचं बिल हातात पडतं. गल्लीत बोभाटा होतो, "त्यांच्याकडे वीजचोरी पकडली म्हणे!" बिलापेक्षा हा शब्दच जास्त जिव्हारी लागतो. पण मैत्रिणींनो, दर वेळी ती चोरीच असते का?

नाही. २००३ च्या वीज कायद्यात दोन वेगळी कलमं आहेत. कलम १३५ चोरीचं. आकडा टाकणं, बेइमानीने मीटरमध्ये फेरफार करणं हे त्यात येतं. पोलिसांत तक्रार होते. तीन वर्षांपर्यंत कैद किंवा दंड, किंवा दोन्ही होऊ शकतं. कलम १२६ आहे 'अनधिकृत वापरा'चं. घरगुती वापरासाठी घेतलेली वीज धंद्याला वापरली, शेजारच्या घरात वायर टाकून दिली, मंजूर भारापेक्षा जास्त भार घेतला, तर हे कलम लागू शकतं. यात वाढीव आकारणी आहे, तुरुंग नाही. ओरिसातल्या एका तांदूळ गिरणीच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये हा फरक स्पष्ट केला. चोरीला बेइमानीचा हेतू लागतो, अनधिकृत वापराला लागत नाही. म्हणजे "आम्हाला ठाऊकच नव्हतं" म्हणून पैसे चुकत नाहीत, पण 'चोर' असा शिक्काही बसत नाही.

आकारणी मात्र चांगलीच कडक आहे. मूळ कायद्यात दर दीडपट होता आणि घरगुती ग्राहकाला तीन महिन्यांचा कालावधी धरला जाई. २००७ च्या दुरुस्तीने दर दुप्पट झाला. असा वापर कधीपासून सुरू झाला हे ठरवता आलं नाही, तर तपासणीआधीचे बारा महिने धरले जातात. म्हणून मशीन घेऊन चारच महिने झाले असतील, तर खरेदीची पावती दाखवून तसं लेखी मांडा. ती जपून ठेवलेली पावती आठ महिन्यांचा भुर्दंड वाचवू शकते.

आणखी एक गोष्ट. महाराष्ट्र वीज नियामक आयोगाच्या २०१६ च्या दर आदेशात घरच्या घरी व्यवसाय करणाऱ्यांसाठी सवलत आहे. घराच्या काही भागात व्यवसाय, महिन्याचा वापर ३०० युनिटपर्यंत आणि आधीच्या आर्थिक वर्षाचा ३६०० युनिटपर्यंत असेल, तर घरगुतीच दर लावायचा. दर आदेश वरचेवर बदलतात, तेव्हा सध्याच्या आदेशात काय आहे ते वीज कार्यालयात लेखी विचारून घ्या. धंदा वाढला असेल तर वेगळं मीटर घेतलेलंच बरं.

आता बिल आलंच तर काय करायचं? पहिला येतो तो तात्पुरत्या आकारणीचा आदेश. मीटर सासऱ्यांच्या नावावर असलं तरी जागा ज्याच्या ताब्यात आहे त्याला हा आदेश द्यावा लागतो आणि त्याला हरकत घेता येते. म्हणजे घरात राहणाऱ्या सुनेलाही! म्हणणं ऐकून तीस दिवसांत अंतिम आदेश द्यायचा असतो. आकारणी मान्य असेल तर सात दिवसांत पैसे भरता येतात. पण घाबरून संमतीची सही करू नका. दोघांच्या संमतीने झालेल्या अंतिम आदेशावर अपील नाही. एरवी अंतिम आदेशानंतर तीस दिवसांत आपल्याकडे विद्युत निरीक्षकांकडे अपील करता येतं. दिवाणी कोर्टाचं दार इथे बंद आहे आणि अशा आकारणीविरुद्ध ग्राहक मंचाकडेही जाता येत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये सांगितलं. चुकीच्या दारात बसून राहिलात तर मुदत निघून जाते.

मात्र अपिलाआधी निम्मी रक्कम भरावी लागते. २००७ पूर्वी एक तृतीयांश पुरत असे. चाळीस हजारांचं बिल असेल तर वीस हजार आणायचे कुठून? बाईच्या अंगावरचा दागिनाच आधी आठवतो. ज्याच्याकडे पैसे नाहीत, त्याचं म्हणणं खरं असलं तरी वरपर्यंत पोचतच नाही. छोट्या घरगुती व्यवसायांसाठी ही अट सैल व्हायला हवी.

चोरीच्या कलमात बायकांनी लक्षात ठेवावी अशी एक तरतूद आहे. सूर्यास्त ते सूर्योदय, घरातला सज्ञान पुरुष हजर नसेल तर राहत्या घराची झडती घेता येत नाही. म्हणजे एकट्या बाईच्या घरी रात्री पथकाने शिरायचंच नाही. जप्त केलेल्या वस्तूंची यादीही घरच्यांना द्यावी लागते. दिवसा पथक आलं तर ओळखपत्र मागा, कागद शेवटपर्यंत वाचा, पटत नसेल ते त्यावरच लिहा आणि प्रत घ्या.

चोरीची वीज कोणी वापरू नये. तिचा बोजा शेवटी इमानदारीने बिल भरणाऱ्यांवरच पडतो. पण पापड लाटून चार पैसे मिळवणारीला आणि तारेवर आकडा टाकणाऱ्याला एकाच तराजूत तोलणं बरोबर नाही. कायदाही तसं तोलत नाही. हे आपल्या बचत गटात, भिशीत एकमेकींना सांगितलं, तरी पुष्कळ जणींची रात्रीची झोप वाचेल.