रहस्यकथांचा विटाळ

मराठी कादंबरीचे इतिहास चाळावे, तो त्यांत बाबूराव अर्नाळकरांचा उल्लेख झालाच तर ओझरता, आणि तोही बहुधा नाक मुरडून! हजाराहून अधिक रहस्यकथा लिहून झुंजार व काळापहाड घरोघर पोचविणाऱ्या लेखकाची ही संभावना आम्हांस रसिकतेची नव्हे, सोवळेपणाची वाटते.

सवंग, उसनवारीचे, क्षणरंजक हे आक्षेप आम्ही ऐकून आहो. पण हरिभाऊ आपट्यांची 'मधली स्थिती' तरी रेनॉल्ड्सच्याच आधारे सिद्ध झाली. आणि रेनॉल्ड्स म्हणजे लंडनात आठवड्याला एक पेनीस विकला जाणारा ग्रंथकार! हरिभाऊ पुढे फार मोठे झाले, हे कोण नाकारतो? परंतु ज्या विहिरीचे पाणी ते प्याले तीच दातारशास्त्र्यांनी शेंदली, तर ती बाटली कशी?

केजसारख्या गावाहून पाहिले म्हणजे या सोवळ्याची किंमत कळते. १७ सप्टेंबर १९४८ पर्यंत येथे निजामाचा अंमल. सरकारी दप्तर उर्दू, आणि १९१८ साली निघालेल्या उस्मानिया विद्यापीठाचे माध्यमही उर्दूच. अशा मुलखात नवसाक्षराच्या हाती कोणते मराठी पुस्तक पडणार? पोथी गावात होती, पण ती बहुतेकांना ऐकावयाची असे. एकट्याने, मनातल्या मनात, पुढचे पान उलटण्याच्या घाईने वाचणे ही सवय निराळी. ती समीक्षकमान्य कादंबरीनेच लावली असे म्हणावयास आमची जीभ रेटत नाही.

कलकत्त्यात बटतल्याची स्वस्त पुस्तके भद्रलोकांनी अशीच हेटाळली. तथापि पाद्री जेम्स लाँग याने १८५५ साली चौदाशे बंगाली पुस्तकांची यादी छापली, आणि सुकुमार सेनांसारख्या भाषापंडितास १९८४ साली बटतल्याच्या छपाईवर व चित्रांवर ग्रंथ लिहिण्यात कमीपणा वाटला नाही. आमच्याकडे काय? चंद्रकांत काकोडकरांच्या 'श्यामा'वरील अश्लीलतेचा खटला सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला व १९६९ साली ते निर्दोष सुटले. न्यायमूर्तींनी ती कथा निदान वाचली!

या पुस्तकांचा कागद हलका, बांधणी कच्ची. ग्रंथालयात जीर्ण म्हणून बाद होण्याचा पहिला मान त्यांचाच, आणि एकदा रद्दीत गेलेली प्रत पुन्हा सापडत नाही. तालुक्यातालुक्याच्या ग्रंथपालांनी ती बाद करण्यापूर्वी नाव, प्रकाशक, वर्ष व किंमत तेवढी एका वहीत टिपून ठेवावी, आणि कोणते पुस्तक किती वेळा घरी गेले तेही. वाचण्याची सक्ती आम्ही कोणावर करीत नाही.