भाषेचा राजधर्म

राज्यसत्तेने भाषेला धर्माचे स्थान दिले, की ती न बोलणारा पाखंडी ठरतो. गोव्याने हे भोगले आहे. ज्या पोर्तुगीज राजवटीत १६१६ साली फादर स्टीफन्स यांचे मराठी ‘क्रिस्तपुराण’ छापले गेले, तिनेच २७ जून १६८४ रोजी फर्मान काढले : तीन वर्षांत स्थानिक भाषा टाकून पोर्तुगीज बोला. फर्मान इतिहासजमा झाले. कोकणी मात्र १९८७ मध्ये गोव्याची राजभाषा झाली.

हा धडा आपल्या घटनाकारांनी ओळखला असावा. कलम ३४३ हिंदीला संघराज्याची राजभाषा म्हणते, राष्ट्रभाषा नव्हे. पुढे १९५६ मध्ये आलेले कलम ३५० (अ) भाषिक अल्पसंख्याकांच्या मुलांना मातृभाषेतून प्राथमिक शिक्षणाची सोय देण्याचे राज्यांना सांगते. भिलाईच्या पोलाद कारखान्यानिमित्त रिसालीत स्थिरावलेल्या मराठी कुटुंबाला हाच घटनात्मक आधार आहे.

एप्रिल २०२५ मध्ये महाराष्ट्रात पहिलीपासून हिंदी सक्तीची झाली. लोकक्षोभानंतर २९ जून रोजी सरकारला माघार घ्यावी लागली. तो विरोध रास्त होता. परंतु त्याच सुमारास मीरा रोडला मराठीच्या कारणावरून एका दुकानदाराला मारहाण झाली. हे मराठीचे रक्षण नव्हे, त्या जुन्या फर्मानाचीच नक्कल होय.

मराठी हा महाराष्ट्राच्या कारभाराचा आग्रह जरूर असावा. निष्ठेची कसोटी नसावी. रिसालीत जो न्याय आपण मागतो, तो मुंबईत इतरांना नाकारण्याचा अधिकार आपल्याला उरत नाही.