बोय, रवा आणि एक मजूर

सिनेमातला स्वयंपाक म्हटला की झगमगते भटारखाने आणि नावाजलेले नट आठवतात. २००७ सालच्या एका फ्रेंच चित्रपटात मात्र आम्हाला खरा मजूर भेटला. दिग्दर्शक अब्देलतीफ केशिश. प्रमुख भूमिकेतले हबीब बुफारेस पेशाने नट नव्हते. बांधकामावर राबलेले, केशिश यांच्या वडिलांचे सहकारी.

कथा दक्षिण फ्रान्समधल्या सेत बंदरातली. ट्युनिशियाहून आलेला स्लिमान पस्तीस वर्षे गोदीत खपतो आणि साठी उलटल्यावर कामावरून कमी होतो. मग जुन्या बोटीवर खानावळ काढायची जिद्द धरतो. पदार्थ एकच, मासळीचा कुसकुस. रव्याचे दाणे कालवणाच्या वाफेवर शिजवायचे आणि वर बोय माशाचे कालवण वाढायचे. चित्रपटाचे फ्रेंच नावही तेच: 'दाणा आणि बोय'.

बँक आणि सरकारी कचेऱ्यांचे उंबरे झिजवताना हा माणूस खाली मान घालून बसतो. त्याच्या वतीने बोलते ती तरुण रीम. आम्ही स्वतः कारकून. खिडकीच्या आतून 'कागद अपुरे आहेत' म्हणणे किती सोपे, हे आम्हाला तेव्हा बोचले.

२००८ साली या चित्रपटाला फ्रान्सचा 'सेझार' पुरस्कार मिळाला. पण आम्हाला आठवते ती सुआद, स्लिमानची घटस्फोटित पत्नी. खानावळ त्याची, चव तिच्या हातची. उद्घाटनाच्या रात्री रव्याचे पातेले चुकून मुलाच्या गाडीतून निघून जाते, तेव्हा सारा बेतच अडतो.

आपल्या घरातही अशी सुआद आहे. आज जेवून उठण्यापूर्वी तिला दोन शब्द बोला.