नवा गडी आणि वीस बाजूंचा फासा

लपंडावाचा डाव रंगात आला असताना एखादे लहान मूल खेळायला आले, तर आपण त्याला ‘कच्चा लिंबू’ म्हणून घेतो. त्याने पळावे, लपावे. पण ते सापडले तरी त्याच्यावर राज्य येत नाही. अलीकडे काही मुले मोबाइलच्या किंवा संगणकाच्या पडद्यावर एकत्र जमून एक निराळाच खेळ खेळतात. सर्वांनी मिळून बोलत बोलत एक गोष्ट रचायची, प्रत्येकाने तिच्यातले एक पात्र व्हायचे आणि अडचणीच्या प्रसंगी फासा टाकायचा, असा हा खेळ. इंग्रजीत त्याला ‘टेबलटॉप रोल-प्लेइंग गेम’ म्हणतात. आपण त्याला ‘सोंगांचा खेळ’ म्हणू या.

या खेळात यायला नवी मुले कचरतात. नियमांचे पुस्तक जाडजूड आणि तेही इंग्रजीत. बाकीचे गडी मुरलेले. आपण कच्चे लिंबू ठरू, अशी त्यांना भीती वाटते. माझे मत असे आहे की, ही भीती टाकून विद्यार्थ्यांनी या खेळात खुशाल सामील व्हावे. संभाव्यतेचे गणित या खेळात जसे अंगवळणी पडते, तसे ते फळ्यावर क्वचितच पडते. मात्र त्यासाठी एक अट पाळली पाहिजे. ती पुढे येईलच.

प्रथम खेळाचे कूळ पाहू. १८२४ साली प्रशियात राइसविट्झ नावाच्या लष्करी अधिकाऱ्याने नकाशा, ठोकळे आणि फासे घेऊन लढाईचा सराव करण्याचा एक खेळ प्रसिद्ध केला. त्यात निर्णय द्यायला एक पंच असे. पुढे असे युद्धखेळ हौसेने खेळणाऱ्या अमेरिकेतील गॅरी गायगॅक्स आणि डेव्ह आर्नेसन या दोघांनी १९७४ साली ‘डन्जन्स अँड ड्रॅगन्स’ हा खेळ प्रसिद्ध केला. येथे खेळाडू सैन्य चालवीत नाही. तो एकच पात्र होतो आणि पंचाच्या जागी गोष्ट सांगणारा येतो. आपल्या नाटकाच्या परंपरेत त्याला नाव तयारच आहे: सूत्रधार. आणि प्रसंग पाहून आयत्या वेळी संवाद रचणे आपल्याला नवे थोडेच आहे? तमाशातल्या बतावणीत सोंगाड्या दुसरे काय करतो?

आता हा खेळ इतर खेळांहून वेगळा कसा ते पाहा. सापशिडीत सर्व काही फाशाच्या हाती असते. तुम्ही हुशार असा वा नसा, काही फरक पडत नाही. बुद्धिबळात उलट, तेथे फासाच नाही. सोंगांच्या खेळात निर्णय तुमचा आणि निकालात फाशाचा वाटा, असे दोन्ही असते. आपले रोजचे जीवनही असेच नाही का? आपल्या बारामती तालुक्याचा जिरायती पट्टा आणि इंदापूर तालुक्याचा बराच भाग पर्जन्यछायेत येतो. तेथला शेतकरी जूनमध्ये पेरणी कधी करायची हे स्वतः ठरवतो. पाऊस मात्र त्याच्या हाती नसतो. अनिश्चित परिस्थितीत शहाणपणाने निर्णय कसा घ्यावा, हेच या खेळात शिकायचे आहे.

समजा, दहावीनंतर चार मित्रांपैकी दोघे शिक्षणासाठी बारामतीला आले आणि दोघे इंदापुरात राहिले. रविवारी दुपारी चौघे पडद्यावर एकत्र आले आहेत. त्यांतला एक नवा गडी आहे. सूत्रधार सांगू लागतो, “उन्हाळा आहे. उजनीचे पाणी ओसरले आहे. पळसदेवचे पाण्यात बुडालेले जुने देऊळ उघडे पडले आहे. तुम्ही होडीतून उतरला आहात. देवळापर्यंत मध्ये उथळ पाणी आणि गाळ आहे. अंधार पडत आला आहे. तुम्ही काय करता?”

नवा गडी गप्प राहतो. आपल्याला नियम माहीत नाहीत, असे त्याला वाटते. पण नियम सूत्रधाराला माहीत आहेत. नव्या गड्याने फक्त आपले पात्र काय करील ते साध्या शब्दांत सांगायचे असते. आणि काहीच सुचले नाही तर प्रश्न विचारावा. “गाळ किती खोल आहे?” हा उत्तम डाव आहे! विज्ञानाची सुरुवातही अशाच प्रश्नाने होते.

या खेळातला मुख्य फासा वीस बाजूंचा असतो. वीस समभुज त्रिकोणांनी बनलेल्या या घनाकृतीला विंशतिफलक म्हणता येईल. सर्व फलक एकसारखे सुसम बहुभुज आणि प्रत्येक कोपराही सारखा, अशा बहिर्वक्र घनाकृती पाचच असू शकतात, हे युक्लिडने सिद्ध केले आहे: चार, सहा, आठ, बारा आणि वीस फलकांच्या. या पाचही आकृती सोंगांच्या खेळात फासे म्हणून वापरतात. ग्रीक राजवटीच्या काळातले वीस बाजूंचे फासे इजिप्तमध्ये सापडले आहेत. म्हणजे फाशाचा हा आकार दोन हजार वर्षांहून जुना आहे.

सूत्रधार म्हणतो, “तसेच चालत गेलात, तर १२ किंवा अधिक पडले तरच पार व्हाल.” बारापासून वीसपर्यंत आकडे नऊ. म्हणून यशाची शक्यता ९/२०, म्हणजे शेकडा ४५.

आता नवा गडी म्हणतो, “मी होडीतला बांबू घेतो आणि गाळ चाचपत चालतो.” सूत्रधाराला युक्ती पटते. तो फाशात ३ मिळवायची परवानगी देतो. आता ९ पडले तरी पुरे. अनुकूल आकडे बारा, शक्यता शेकडा ६०.

मग दुसरा गडी म्हणतो, “मी काठावरून त्याच्या कमरेचा दोर धरतो.” जोडीदाराची मदत असेल तर दोन फासे टाकून मोठा आकडा घ्यावा, असा एक नियम या खेळात आढळतो. आता हार केव्हा होईल? दोन्ही फाशांवर ९ पेक्षा कमी पडले तरच. एका फाशावर तसे होण्याची शक्यता ८/२०, दोन्हींवर ८/२० × ८/२०, म्हणजे शेकडा १६. म्हणून यशाची शक्यता शेकडा ८४.

पाहा, फासा तोच राहिला. त्याला कोणी फुंकर घातली नाही की नवस बोलला नाही. तरीही ४५ चे ८४ झाले. त्यातले काही युक्तीने आले, काही सोबत्यामुळे आले. आणि एवढे करूनही शंभरात १६ वेळा पाय गाळात रुतणारच! तयारी केली म्हणजे यश ठरलेलेच, असे समजणारा आणि सारे नशिबावर आहे म्हणून तयारीच न करणारा, असे दोघेही चुकतात. हे चार तास खेळून कळले, तर ते चार तास वाया गेले असे मी म्हणणार नाही.

नव्या गड्याला आणखी एक गोष्ट सतावते. लागोपाठ तीनदा लहान आकडा पडला की तो म्हणतो, “आता मोठा पडणारच.” तसे मुळीच नाही. फाशाला आठवण नसते. याचा अनुभव घरीच घ्या. १ ते २० आकड्यांच्या सारख्या चिठ्ठ्या करून पिशवीत टाका. एक काढा, वाचा आणि परत टाकून पिशवी हलवा. हा झाला तुमचा फासा. आता काढलेली चिठ्ठी परत न टाकता खेळा. लहान आकडे निघून गेले की पिशवीत मोठ्यांचे प्रमाण खरोखरच वाढते. ही पिशवी ‘आठवण ठेवते’. फासा पहिल्या पिशवीसारखा आहे, दुसऱ्या नव्हे.

आता अटीकडे वळू. पडद्यावर खेळताना पुष्कळदा खरा फासा नसतोच. संगणक आकडा देतो. पण संगणक तर ठरल्याप्रमाणे हिशेब करणारे यंत्र. मग त्याला यदृच्छा आकडे कसे सुचतात? १९४९ साली जॉन फॉन नॉयमन या गणितज्ञाने एक सोपी रीत मांडली होती. चार अंकी संख्या घ्या, तिचा वर्ग करा आणि आठ अंकांतले मधले चार अंक उचला. १२३४ चा वर्ग ०१५२२७५६. मधले अंक ५२२७. त्याचा वर्ग २७३२१५२९, मधले ३२१५. त्याचा वर्ग १०३३६२२५, मधले ३३६२. प्रत्येकाला २० ने भागून बाकीत १ मिळवा. आकडे आले ८, १६, ३. अगदी फाशासारखे! पण २५०० पासून सुरुवात करून पाहा. वर्ग ०६२५००००, मधले अंक पुन्हा २५००! फासा एकाच जागी अडकला. आजच्या रीती याहून पुष्कळ चांगल्या आहेत. पण ‘यंत्राने दिले म्हणजे निर्दोष’ असे मात्र समजू नये, तपासून पाहावे. २०० वेळा आकडा घ्या. प्रत्येक आकडा सरासरीने १० वेळा यावा. कोणी ७ वेळा, कोणी १४ वेळा आला तर घाबरू नका. पण एखादा २५ वेळा आला तर फाशात खोट असल्याची दाट शंका घ्या.

फाशातली खोट अशी मोजता तरी येते. टाकणाऱ्याच्या मनातली मोजता येत नाही. बारामतीच्या खोलीत पडलेला फासा इंदापुरातल्या मित्राला दिसत नाही. ३ पडले असताना १८ सांगितले, तर कोण पकडणार? प्रयोगशाळेत लंबकाच्या प्रयोगात g ची किंमत बरोबर ९८० यावी म्हणून काही विद्यार्थी निरीक्षणे ‘बसवतात’. वही सुंदर दिसते, पण त्यांनी प्रयोग केलेलाच नसतो. म्हणून माझी अट ही: किती हवे ते आधी बोला, फासा सर्वांना दिसेल असा टाका आणि पडेल तो आकडा माना. नव्या गड्यालाही यातून सूट नको. त्याला कच्चा लिंबू म्हणून पुन्हा फासा टाकू दिला, तर त्याचा खेळ तर जाईलच, शिक्षणही जाईल.

वडीलधारी माणसे म्हणतील, “फासे म्हणजे जुगारच!” त्यांची काळजी खोटी नाही. ऋग्वेदातल्या अक्षसूक्तात जुगाऱ्याची दुर्दशा वर्णिलेली आहे. ऑगस्ट २०२५ मध्ये आपल्या संसदेने पैसे लावून खेळल्या जाणाऱ्या ऑनलाइन खेळांवर बंदी घालणारा कायदा केला, तोही अशीच घरे बुडू नयेत म्हणून. पण सोंगांच्या खेळात पण लावायचा नसतो. जेथे पैसे मागितले जातील तेथून तत्काळ उठावे. ओळखीच्या मित्रांबरोबरच खेळावे, घरी सांगून खेळावे, अनोळखी माणसाला नाव-पत्ता देऊ नये आणि वेळ आधी ठरवून घ्यावा. महाभारतातला नल फाशांत राज्य हरला. पण ऋतुपर्ण राजाकडून त्याने अक्षहृदय, म्हणजे फाशांचे मर्म, शिकून घेतले. झाडाच्या दोन फांद्यांवरची पाने-फळे अदमासणारा हा ऋतुपर्ण मोजणीतही निपुण होता. फाशाच्या आहारी जाणे वेगळे आणि फाशाचे गणित जाणणे वेगळे.

राहिला भाषेचा प्रश्न. खेळ अमेरिकेतून आला म्हणून त्यात परदेशी किल्ले आणि राक्षसच हवेत, असे कोठे आहे? भिगवणचे रोहित पक्षी, नीरेचा डावा कालवा, रात्री उसाला पाणी देणारा शेतकरी ही आपली पात्रे आणि स्थळे आहेत. मराठीत खेळा. जाड पुस्तकाची वाट पाहू नका. चार मित्र, एक सूत्रधार आणि वीस चिठ्ठ्यांची पिशवी एवढ्यावर पहिला डाव मांडता येतो.

शेवटी एक उदाहरण तुमच्यासाठी. पळसदेवच्या प्रसंगात बांबू नव्हता, फक्त दोर धरणारा मित्र होता. पार होण्यासाठी १२ हवेत, फासे दोन. यशाची शक्यता किती? गणित करा, मग पिशवी घेऊन शंभर वेळा पडताळून पाहा. दोन्ही उत्तरांत थोडा फरक पडेल. तो का पडतो, यावर मित्रांशी जरूर वाद घाला!