मनाची घडी

लढाई चार दिवसांत संपते, पण माणसांची मने इतक्या लवकर थाऱ्यावर येत नाहीत. हैदराबादेत १३ सप्टेंबर १९४८ रोजी सुरू झालेली पोलीस कारवाई १७ तारखेला संपली. त्याआधी रझाकारांच्या जाचाने मराठवाड्यातील कित्येक कुटुंबे सरहद्दीपलीकडे गेली होती. त्यानंतर उस्मानाबाद, गुलबर्गा, बिदर आणि नांदेड या जिल्ह्यांत निरपराध मुसलमानांवर सूड उगवला गेला. पंडित सुंदरलाल समितीने मृतांचा अंदाज २७ ते ४० हजार असा दिला. तो अहवाल लोकांपुढे यायला २०१३ साल उजाडले. मग इतकी वर्षे हे दुःख घरोघरी राहिले कसे?

माझे वडील दरबारात गात. संस्थान गेले, गवयांचा आश्रयही गेला, आणि ते शिकवण्या करू लागले. शिकवणीला दोन्हीकडची मुले येत. ज्याच्या घरचे माणूस गेले असेल त्याला ते काही विचारीत नसत. महिनोन्‌महिने नुसता षड्ज लावून घेत. आवाजाची थरथर थांबली म्हणजे पुढचे पाहू, एवढेच म्हणत.

गाण्याने दुःखाचा विसर पडतो, असे लोक म्हणतात. मला ते पटत नाही. मयताच्या घरचे भजन घ्या की मोहरममधला मर्सिया घ्या; दोन्ही दुःखाला उच्चाराची रीत देतात. रीत असली म्हणजे माणूस चारचौघांत रडतो आणि दुसऱ्या दिवशी कामाला लागतो. या दंग्यांतल्या मृतांना मात्र तशी चारचौघांतली रीत लाभली नाही.

१७ सप्टेंबरला महाराष्ट्रात मराठवाडा मुक्तिसंग्राम दिन साजरा होतो. तेलंगणात त्या दिवसाच्या नावावरूनच वाद चालतो. हुतात्म्यांना मानवंदना दिलीच पाहिजे. पण सायंकाळी तासभर, भाषणाविना, एक बैठक व्हावी. कारवाईपूर्वी गेलेल्यांसाठी आणि नंतर गेलेल्यांसाठीही, ज्याला जे येते ते त्याने म्हणावे.

जुन्या जखमा कशाला उकरता, असे कोणी विचारील. जखम भरली असती तर हा प्रश्न रास्त होता. पण ज्या दुःखाला आजोबांनी तोंड फोडले नाही, ते नातवाच्या बोलण्यात राग होऊन उतरते, हे आपण पाहतो. तो राग पुढाऱ्यांच्या कामी येण्याआधी त्याला बैठकीत बसवावे, हे बरे.