चौदा हजार फुटांवर 'नो सर' चालत नाही

आपल्या शाळेत एक प्रश्न असा आहे की ज्याचं उत्तर सगळ्यांना आधीपासूनच पाठ असतं. फॉल-इनमध्ये उस्ताद विचारतात, "किसी को कोई तकलीफ?" आणि शंभर गळ्यांतून एकच उत्तर येतं, "नो सर!" ज्याचा घोटा सुजलेला असतो तोही ओरडतो, आणि जरा जास्तच जोरात ओरडतो. सकाळच्या पीटीला हे ठीक आहे, माझी त्याबद्दल तक्रार नाही. पण गेल्या सप्टेंबरात आमची बावीस जणांची तुकडी हिमाचलमधल्या हमटा पासच्या ट्रेकला गेली, तेव्हा हेच उत्तर आम्ही दहा हजार फुटांवर दिलं आणि बारा हजार फुटांवरही दिलं. तिथे ते देऊ नये असं माझं स्पष्ट मत आहे. येत्या जूनमध्ये ज्युनियर बॅच त्याच वाटेने जाणार आहे, म्हणून हे आताच लिहितो.

हे मराठी पान वाचणारे आपण मोजकेच, आणि त्यातले बहुतेक सह्याद्रीच्या आसपासचे. सुट्टीत घरी गेलो की राजगड, तोरणा करून यायचं आणि डोंगर म्हणजे मांड्यांचं काम असं समजायचं, ही आपली सवय. पण आपलं कळसूबाई १,६४६ मीटर. मनालीची बाजारपेठ त्याच्याहून उंचावर आहे! जिथे लोक स्वेटर विकत घेतात आणि मोमो खातात, तिथेच आपण महाराष्ट्रातल्या सगळ्यात उंच शिखराच्या वर असतो. हमटा पास साधारण ४,२७० मीटरवर, म्हणजे चौदा हजार फुटांवर. हवेतलं ऑक्सिजनचं प्रमाण तिथेही २१ टक्केच असतं, पण हवेचा दाब समुद्रसपाटीच्या मानाने साठ टक्क्यांच्या आसपास येतो, त्यामुळे एका श्वासात मिळणारा ऑक्सिजनही तेवढाच कमी होतो. याच्याशी जुळवून घ्यायला शरीराला दिवस लागतात. कोणाला किती लागतील हे चेहऱ्यावरून कळत नाही आणि क्रॉसकंट्रीच्या वेळेवरून तर अजिबातच कळत नाही. उलट तयारीचा मुलगा भरभर चढतो, आणि भरभर चढणं हेच तर त्रासाचं मोठं कारण.

आमचा गाइड कुल्लूकडचा होता. वीस वर्षं हीच वाट चालतोय म्हणाला. पहिल्या दिवशी मनालीहून गाडीने जोबरा आणि तिथून चालत चिका. संध्याकाळी चहा झाल्यावर त्याने विचारलं, "सिर में दर्द? उल्टी जैसा? चक्कर?" आम्ही सवयीने तीन ओळींत उभे राहिलो होतो, सवयीनेच ओरडलो, "नो सर!" समोरच्या कड्यावरून आवाज परत आला. सगळे खूष. गाइड मात्र हसला नाही. मग तो प्रत्येकाच्या बोटाला ऑक्सिमीटर लावत फिरला. पण गार पडलेल्या बोटावर ते यंत्र नीट चालत नाही, आणि आकडा चांगला असला तरी डोकं दुखत असू शकतं. त्याला आकड्यापेक्षा उत्तर हवं होतं, आणि उत्तर तर आम्ही आधीच देऊन बसलो होतो.

दुसऱ्या दिवशी बालू का घेरा. नदीच्या पात्राशेजारचं मोठं सपाट मैदान, बारा हजार फुटांच्या आसपास. तिथून तिसऱ्या दिवशी पास. संध्याकाळी पुन्हा तोच प्रश्न, तेच उत्तर.

माझ्या तंबूत जो होता तो आमच्या हाउसचा सगळ्यात चांगला धावपटू. (हे लिहिण्याआधी मी त्याला विचारलं. "लिही," तो म्हणाला, "पण इंटर-हाउसला मी पहिला आलो होतो तेही लिही." लिहिलं.) त्याने रात्री जेवण टाकलं. मेसमध्ये हा दुसऱ्याच्या ताटातली पोळी उचलणारा मुलगा, त्याने गरम खिचडीला हात लावला नाही. नऊच्या सुमाराला तो तंबूबाहेर जाऊन ओकला, आत आला, आणि मला म्हणाला, "कोणाला सांगितलंस तर बघ. सकाळपर्यंत बरं होईल." डोकं फुटतंय हेही त्याने मी तीन वेळा विचारल्यावर कबूल केलं. मी बूट घातले आणि गाइडच्या तंबूकडे गेलो.

गाइड आणि आमचे सर टॉर्च घेऊन आले. गाइडने त्याला टाचेला अंगठा लावत सरळ रेषेत चालायला लावलं. पाऊल वाकडं पडतं का ते तो बघत होता. उंचीचा परिणाम मेंदूपर्यंत गेला तर आधी तोल जातो, असं त्याने नंतर समजावलं. पाऊल सरळ पडलं. मग रात्रभर कोणीतरी जागं राहिलं, आणि फटफटलं तसं सहायक गाइड आणि एक सर त्याला घेऊन खाली निघाले. दुपारपर्यंत तो मनालीत होता, संध्याकाळी राजमा-चावलच्या दोन प्लेट संपवल्याचं त्यानेच सांगितलं. एवढंच झालं.

एवढंच झालं म्हणूनच शाळेत त्याची चेष्टा सुरू झाली. त्याचं नाव 'रिटर्न टिकट' पडलं आणि माझं 'आकाशवाणी'. महिनाभर तो माझ्याशी बोलत नव्हता. मला त्या रात्रीचा पश्चात्ताप नाही. उद्या पुन्हा तशी रात्र आली तर मी पुन्हा बूट घालीन. पण सीनियर मला जे म्हणाले त्याला उत्तर द्यायला हवं, कारण जूनमध्ये कोणीतरी ज्युनियर असाच तंबूत बसून विचार करत असेल की सांगावं की नको.

पहिलं म्हणणं असं की तू मित्राची चुगली केलीस. आपल्या डॉर्मचा एक अलिखित नियम आहे, आणि मलाही तो पटतो: कोणी लाइट्स आउटनंतर मॅगी केली, कोणी भिंतीवरून उडी मारली, तर आपण नाव सांगत नाही. ज्याने केलं तो रगडा खाईल, फार तर सगळे मिळून खाऊ. पण त्यात आपण लपवतो ते मित्राने केलेलं काहीतरी. ओकारी आणि डोकेदुखी कोणी करत नसतं. ती लपवून त्याची शिक्षा वाचत नाही, फक्त त्याचा खाली उतरण्याचा वेळ जातो. उंचीच्या त्रासावर खाली उतरणं हाच खरा उपाय, गोळ्या वगैरे नंतर. आणि बालू का घेरापर्यंत खाली जाणारी वाट ओळखीची आणि उताराची आहे. पास ओलांडला की मागे फिरायचं तर पुन्हा चौदा हजार फूट चढावे लागतात, आणि पुढे जायचं तर खड्या उतारावरून छत्रूच्या रस्त्यापर्यंत. त्यामुळे सांगायचं तर पासच्या अलीकडेच सांगायला हवं. तो पास चढला असता तर काय झालं असतं? कदाचित काहीच नाही, बहुतेकांना काही होत नाही. म्हणूनच तर माणूस फसतो.

दुसरं म्हणणं जास्त वजनाचं आहे, कारण ते एका उस्तादांचं आहे आणि मी त्यांना मानतो. एकेकाला विचारत बसलं तर निम्मे म्हणतील डोकं दुखतंय, कणखरपणा राहणार नाही, असं ते म्हणाले. पीटीच्या बाबतीत त्यांचं शंभर टक्के खरं आहे. सोमवारी सकाळी एमआय रूमबाहेर किती रांग असते आणि अटेंड सी मिळाल्यावर तीच मंडळी संध्याकाळी बास्केटबॉल कशी खेळतात, हे आपल्याला माहीत आहे. नावं सांगत नाही, आत्ताच नियम सांगितला. पण पहाडावर उलटं होतं. वर्षभर वाट बघून, घरून पैसे मागवून तिथे गेलेला मुलगा आजारपणाचं सोंग करत नाही, बरं असल्याचं सोंग करतो. शाळेत जे सोंग पकडायला आपण शिकलो, त्याच्या नेमकं विरुद्ध सोंग तिथे पकडायचं असतं, आणि त्याला एका सुरात दिलेलं उत्तर काहीच उपयोगाचं नाही.

आणि कणखरपणाचा प्रश्न असेल तर सैन्याकडेच बघू. १९६२ च्या युद्धाच्या सुमाराला आपले जवान फार घाईने उंचीवर पाठवावे लागले. त्यानंतर सैन्यातल्या डॉक्टरांनी, इंदर सिंग आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी, अकरा हजार ते अठरा हजार फुटांवर आजारी पडलेल्या १,९२५ जवानांच्या नोंदींचा अभ्यास केला. तो १९६९ मध्ये 'न्यू इंग्लंड जर्नल ऑफ मेडिसिन'मध्ये छापून आला आणि जगभरचे डॉक्टर आजही त्याचा हवाला देतात. जीवशास्त्राच्या सरांनी तो मला दाखवला. सगळं समजलं असं म्हणणार नाही, पण ते १,९२५ जण काही कच्चे नव्हते, भरती होऊन, प्रशिक्षण घेऊन वर गेलेले जवान होते. सैन्याचा आजचा नियम त्या अनुभवातून आलेला आहे: नऊ ते बारा हजार फुटांसाठी सहा दिवस, बारा ते पंधरा हजारांसाठी आणखी चार, त्याच्यावर आणखी चार. त्यातले पहिले दोन दिवस तर आराम हाच हुकूम. म्हणजे ज्यांच्यासारखं व्हायला आपण इथे आलो, ते चौदा हजारांवर कामाला लागण्याआधी दहा दिवस घेतात, आणि आपण मनालीहून निघून तिसऱ्या दिवशी पासवर. ट्रेकवाले त्याच दिवशी पुन्हा खाली उतरवतात, त्यामुळे दोन्ही गोष्टी अगदी सारख्या नाहीत हे मला कळतं. तरी एवढा फरक बघून 'नो सर' ओरडायचा जोर थोडा तरी कमी व्हायला हवा.

'रिटर्न टिकट' म्हणणाऱ्यांसाठी आणखी एक. भारताची एव्हरेस्टवरची पहिली मोहीम १९६० ची, ब्रिगेडियर ग्यान सिंग यांच्या नेतृत्वाखाली. सोनम ग्यात्सो, नवांग गोंबू आणि कॅप्टन नरेंद्र कुमार हे तिघे २८,३०० फुटांच्या आसपास पोचले आणि वाऱ्यामुळे परत फिरले. १९६२ मध्ये दुसरी मोहीम. पुन्हा सोनम ग्यात्सो, बरोबर नौदलाचे एम. एस. कोहली आणि हरी दांग. पुन्हा हवामान, पुन्हा माघार, तीही शिखर डोळ्यांसमोर असताना. १९६५ मध्ये कोहली स्वतः नेते होते आणि भारताचे नऊ जण शिखरावर पोचले. त्यात गोंबू होते आणि सोनम ग्यात्सोही होते. नरेंद्र कुमार त्या मोहिमेचे उपनेते होते, आणि पुढे सियाचीनवरच्या मोहिमांमुळे सगळ्या देशाला माहीत झाले. यांच्यापैकी कोणाला कोणी हे नाव ठेवून बघावं.

आता मला काय हवंय ते सांगतो. जूनच्या बॅचला संध्याकाळचा प्रश्न ओळीत उभं करून विचारू नये. गाइडने किंवा सरांनी तंबूतंबूत जावं, हळू आवाजात विचारावं, आणि शेजाऱ्यालाही विचारावं की हा जेवला का, झोपला का. चिकाला एक रात्र जास्त काढावी. एका दिवसाचा खर्च वाढेल, तो कॅन्टीनच्या सामोशांतून काढता येईल, आमची तयारी आहे. आणि जोड्या आधीच ठरवाव्यात, म्हणजे सोबत्याचं दुखणं सांगणं ही ड्यूटी होईल, मग त्याला कोणी आकाशवाणी म्हणणार नाही.

पालकांनाही थोडं सांगायचं आहे, लहान तोंडी मोठा घास वाटला तरी. वैद्यकीय फॉर्मवर दम्याचा रकाना असतो. पोराची संधी जाऊ नये म्हणून तो कोरा ठेवणारे आई-बाबा आहेत, आम्हा मुलांना हे एकमेकांकडून कळतं. कृपया भरा. आणि ट्रेकनंतर पहिला फोन लागतो तेव्हा "पोचलास का वर?" हे आधी विचारू नका. माझ्या आईने विचारलं, "जेवलास का?" आई प्रत्येक फोनला तेच विचारते, त्यात ट्रेकचा काही संबंध नव्हता, पण मला बरं वाटलं.

राहिली एक गोष्ट. हाउसच्या कॉरिडॉरमध्ये ट्रेकचा बोर्ड लागला आहे, त्यावर पास ओलांडलेल्या एकवीस जणांची नावं आहेत. बाविसावा त्याच गाडीतून गेला होता, बारा हजार फुटांपर्यंत त्याच बोज्यासह चालला होता. हाउस मास्तर सरांना विनंती आहे की त्याचंही नाव लिहावं. शेवटच्या ओळीखाली चार बोटं जागा आहे, मी मोजून आलो आहे.